मोठ्या घरचं विरजण

आमच्या ओसरीत रोज सकाळी ॲसिड शिकवतात. हसू नका, खरं सांगून राहिली आहे. माझी सून रसायनशास्त्र घेऊन बी.एस्सी. झालेली. गावातल्या बारावीच्या मुली तिच्याकडे शिकवणीला येतात. ओसरीवर सतरंजी पडते, भिंतीला फळा टेकतो, आणि मी कोपऱ्यात चिंचेतले चिंचोके काढत बसते. मला तिथून उठवायची कोणाची हिंमत नाही, आणि मला ऐकायची भारी हौस. शाळा माझी चौथीत सुटली. पुढचं वाचणं किराण्याच्या पुड्यांच्या कागदांवर झालं, आणि लिहायचा हात बसला तो पोरांच्या पाटीवर, त्यांच्या शेजारी बसून. म्हणून मी बोलते तशीच लिहिते. वेगळं लिहायचं कसं ते कोणी शिकवलंच नाही.

त्या दिवशी फळ्यावर लांबलचक नाव होतं. कार्बोक्झिलिक ॲसिड. मला ॲसिड म्हणजे ट्रॅक्टरच्या बॅटरीतलं पाणी माहीत. ते एकदा यांच्या, म्हणजे माझ्या मालकांच्या, नव्या पायजम्यावर सांडलं होतं आणि पायजम्याची चाळणी झाली होती. मी तसं म्हटलं, तर सून म्हणाली, "आई, ते वेगळं. हे घरातलं ॲसिड आहे. तुमच्या हाताला आता लागलंय तेही ॲसिडच."

मी चिंच खाली टाकली. मुली खो खो हसल्या.

मग एकेक निघत गेलं. चिंचेत टार्टारिक, म्हणून तर चिंचेनं पाण्याचा पितळी गुंड लखलखतो. लिंबात सायट्रिक. गोंदियाच्या दुकानात निंबू सत म्हणून पांढरे खडे मिळतात, तेही हेच. सिरक्यात ॲसेटिक. जुनं तूप खवट होऊन वास मारतं तेही एका ॲसिडानंच. अंबाडीची भाजी खाल्ल्यावर दात आंबतात, त्यातही एक आहे. आणि मुंग्यांमध्ये फॉर्मिक.

"लाल मुंग्यांत ना?" मी म्हटलं. "त्यांची तर मी चटणी खाल्ली आहे."

"ईऽऽ आजी!"

"ई कायले करता? माझं माहेर देवरीकडचं. जंगलातल्या बाया पानाच्या द्रोणात आणत होत्या. मीठ-मिरची टाकून पाट्यावर वाटायची. सर्दी नाकातून पळून जायची."

"आणि त्या चावल्या तर?"

"चावल्या तर वरून चुना चोळायचा. आग थांबते."

सून मुलींकडे वळली. "लिहून घ्या. ॲसिडवर चुना. तुम्हाला पुस्तकात चार ओळी लागतात, आईंनी एका ओळीत सांगितलं."

मी अभिमानानं फुगून बसली. आणि मग ती दह्यावर आली.

दह्यातलं ॲसिड लॅक्टिक. ते आपोआप होत नाही, ती म्हणाली. विरजणात जिवंत जंतू असतात. ते दुधातली साखर खातात आणि ॲसिड करतात, त्यानं दूध घट्ट होतं. जंतू मेले की दही नाही.

एका मुलीनं विचारलं, "मॅडम, कशानं मरतात?"

"गरम केल्यानं. विरजण विस्तवावर धरून मग दुधात टाकलं, तर सकाळी दूध ते दूधच."

मी कोपऱ्यातून मोठ्यानं म्हटलं, "माझ्या हातानंही मरतात!"

सगळ्या हसल्या. मीही हसली. गावात कोणालाही विचारा, माझ्या हाताचं दही लागत नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं. सांगायला मला लाज वाटायची तीही कधीच संपून गेली होती. माणूस आपल्या लंगड्या पायावर आपणच विनोद करतो ना, तसं.

हे कसं झालं ते सांगते.

मी लग्न होऊन आली तेव्हा घरात सासू होती आणि मोठ्या जाऊबाई होत्या. आम्ही त्यांना मोठ्या बाई म्हणतो. घर शेतीवालं, धानाची जमीन चोरखमारा तलावाच्या नहराच्या पाण्यावर, गोठ्यात म्हशी. दुधादह्याला कमी नव्हती. आमच्या घरी एक रीत होती. नव्या सुनेनं पहिल्या आठवड्यात दही लावायचं. विरजण घरचंच हवं, शेजारचं चालत नाही, कारण ते घरात किती पिढ्यांपासून चालत आलेलं, कुळाचं असल्यासारखं. दही घट्ट लागलं की सुनेच्या हाताला गुण आहे असं ठरायचं. मग तिच्या हाती लोणचं, सिरका, कुरड्यांचा चीक, सगळं आंबवायचं-मुरवायचं काम. लोणच्याच्या कोठीची किल्लीही तिचीच.

मोठ्या बाईंनी मला वाटीत विरजण आणून दिलं. वाटी कोमट होती. मला तेव्हा इतकं बरं वाटलं! नवीन घर, नवीन माणसं, आणि ही बाई मला हातात वाटी देऊन म्हणते, "घे माय, घाबरू नको. लागते." मी दूध तापवलं, बोट बुडवून कोमट झालं का पाहिलं, विरजण फिरवलं, भांडं धानाच्या कोंड्यात दाबून ठेवलं. सकाळी झाकण काढलं तर दूध. थोडा वास मारणारं दूध.

सासू म्हणाली, "होते एखादवेळी. उद्या पाहू."

उद्याही नाही. पुढच्या आठवड्यात नाही. दर वेळी मोठ्या बाई विरजण द्यायच्या, दर वेळी मला धीर द्यायच्या. विरजण रवाळ असायचं, वर पाणी सुटलेलं. मी एकदा विचारलं तर म्हणाल्या, "म्हशी नवीन व्यायल्या, दही पातळच येऊन राहिलं." मला काय कळतं? मी माहेरी कधी दही लावलं नव्हतं, आई लावायची.

मी एकदा चोरून हिरव्या मिरचीचे देठ दुधात टाकून पाहिले. ते थोडं लागलंही, तार धरणारं, पातळ. मी आनंदानं सासूला दाखवलं. मोठ्या बाईंनी बोटानं तार उचलून दाखवली. "हे दही आहे का वो? नासलं आहे हे." सासूनं ते म्हशीच्या घमेल्यात ओतलं. त्यानंतर सासू कधी मला दह्याबद्दल बोलली नाही. राग केला असता तर बरं झालं असतं. तिनं मला दुधाच्या भांड्याजवळून उठवलं आणि गोठ्यात पाठवलं, झालं.

एका दह्यावरून घरातलं सगळं आंबट माझ्या हातून गेलं. लोणच्याच्या दिवशी मी कैऱ्या धुवायची, पुसायची, फोडायची. मसाल्यात हात घालायची वेळ आली की बाजूला व्हायची. कोणी म्हणायच्या आधीच व्हायची. कुरड्यांचा चीक ढवळताना मला कोणी बोलवायचं नाही. वेगळ्या चुली झाल्या, आम्ही बाजूच्या घरात राहायला आलो, तरी आमचं दही मोठ्या घरूनच यायचं. मी दूध घेऊन जायची, मोठ्या बाई लावून द्यायच्या. त्या वेळी त्यांच्या अंगणात बसून आम्ही बोलायचो. पोरांच्या गोष्टी, माहेरच्या गोष्टी. माझं बाळंतपण त्यांनीच केलं, माझ्या आजारपणात माझ्या डोक्याला तेल त्यांनीच लावलं. मला सख्खी बहीण नाही. मी त्यांनाच मानलं.

आणि हे म्हणायचे, "नाही लागत तर नाही लागत. तुले कायचं कमी आहे? मोठ्या घरून येतेच ना." ते स्वतः सकाळी जाऊन दह्याचं गाडगं उचलून आणायचे. किती समजूतदार माणूस, असं मला वाटायचं.

एकच गोष्ट मला फार लागली होती. आमच्याकडे मुलगी सासरी जाते तेव्हा तिच्यासोबत लोणच्याची बरणी जाते. ती गुणाच्या हातानं भरायची, नाहीतर तिकडे पोरीच्या संसाराला बुरशी लागते, असं मानतात. माझ्या पोरीच्या लग्नात ती बरणी मोठ्या बाईंनी भरली. मी पायरीवर उभी होती. पोरगी मला म्हणाली, "आई, तू पण एक फोड टाक ना." मी म्हटलं, "नको बाई, कशाला उगाच." आपल्या पोटच्या पोरीच्या बरणीत मी एक फोड टाकली नाही. घाबरली. माझा हात लागला आणि तिचं काही वाईट झालं तर?

हे सगळं त्या दिवशी मी शिकवणीतल्या मुलींना हसत हसत सांगितलं. सून हसली नाही. ती लग्न होऊन आल्यापासून आमच्या घरी दही तिच्याच हातचं, तिनं विरजण स्वतःच्या माहेरून आणलं होतं, आणि मी त्या भांड्याच्या वाटेला जात नव्हती. ती म्हणाली, "आई, हाताचं काही नसतं. उद्या करूनच पाहू. मुलींनाही कळेल."

तिनं तीन वाट्या मांडल्या. एकीत तिनं विरजण घातलं. दुसरीत मला घालायला लावलं. मी नाही नाही म्हणत होती, मुलींनी मला पकडून बसवलं. "आजी, घाला, नापास झाल्या तर आम्ही आहोत तुमच्यासोबत." मी घातलं. तिसरीसाठी तिनं थोडं विरजण पळीत घेऊन गॅसवर धरलं.

मी पळीतलं ते विरजण पाहिलं.

पाणी सुटलं. रवाळ झालं. गोळे गोळे वर आणि खाली पिवळं पाणी. अगदी तेच. लग्नानंतर दर वेळी मी तेच वाटीत पाहिलं होतं.  सून तिसऱ्या वाटीत ते घालत होती, मी तिच्या हाताकडे पाहत राहिली.

दुसऱ्या दिवशी मुलींनी झाकणं काढली. माझी वाटी उलटी केली तरी दही खाली पडेना, इतकं घट्ट. एका मुलीनं टाळ्या वाजवल्या. "आजी पास!" तिसऱ्या वाटीतलं दूध जसंच्या तसं होतं, वास मारणारं. मी वाकून वास घेतला. तो वासही मला ओळखीचा होता.

मुलींना वाटलं आजीला आनंद झाला म्हणून आजी रडून राहिली आहे. वाटू दिलं.

मी त्याच दिवशी मोठ्या घरी गेली. मोठ्या बाई अंगणात बाजेवर बसल्या होत्या. आता त्यांचं वय झालं, हात थरथरतो, चहाची बशी दोन्ही हातांनी धरतात. मी समोर पाटावर बसली. विचार करून गेली होती की असं विचारीन, तसं विचारीन. तोंडातून सरळच निघालं.

"बाई, तुम्ही मला विरजण गरम करून देत होत्या का?"

त्यांनी बशी खाली ठेवली. "कोणतं विरजण?"

"माझ्या लग्नानंतरचं."

"कुठचं काय काढून राहिली लहानी? मले आजचं जेवलेलं आठवत नाही."

"मला आठवते. वाटी कोमट असायची."

त्यांनी गोठ्याकडे तोंड फिरवलं. मग म्हणाल्या, "सासूनं तुले आल्या आल्या कोठीची किल्ली देते म्हटलं होतं. तुले माहीत नाही. मले म्हटलं होतं. तू गोरी, तू चौथी शिकलेली, तुह्या बापानं जोडी दिली बैलांची. मी इथं आठ वर्षांपासून राबून राहिली होती. माह्या हाती तेवढी एक किल्लीच होती."

"म्हणून?"

"म्हणून चुलीत वाटी ठेवली. एकदा."

"एकदा नाही बाई."

"मग काय करत होती? थांबवलं असतं तं तुह्यं दही लागलं असतं. तुले कळलं नसतं का, की आधी काऊन नाही लागलं?"

 यात लाज नव्हती, पश्चात्ताप नव्हता. हिशोब होता, आणि तो बरोबर होता. एकदा केलं, म्हणून मग दर वेळी करावं लागलं. माझं बाळंतपण करताना, डोक्याला तेल लावताना, माझी पोरगी सासरी पाठवताना, ही बाई ते मनात धरून होती. तेल लावणारे हातही हेच होते. हे दोन्ही खरं कसं असू शकते, ते मला अजून कळलं नाही, आणि कळून घ्यायची इच्छाही राहिली नाही.

"माझ्या पोरीच्या बरणीला मी हात लावला नाही," मी म्हटलं. "तुम्ही पाहत होत्या मला पायरीवर."

तेव्हा त्यांनी मान खाली घातली. पण म्हणाल्या काय, "बरं, माह्या नातीची बरणी तू भर. यंदाची. झालं?"

मोठ्या बाईंच्या नातीचं लग्न ठरलं होतं. लग्न तुळशीच्या लग्नानंतर, पण कैऱ्या काही तेव्हा मिळत नाहीत, बरणी उन्हाळ्यातच भरावी लागते. त्यांचे हात थरथरतात, तेव्हा कोणीतरी भरणारच होतं. मला माझी गोष्ट अशी उष्ट्यासारखी मिळत होती. मला उठून निघून यावंसं वाटलं. पण मला ती बरणी भरायची होती. खरं सांगायचं तर त्या क्षणी मला बाकी काहीच नको होतं. मोठ्या घरच्या अंगणात, सगळ्या बायांसमोर, माझा हात मसाल्यात जावा आणि कोणी मला बाजूला हो म्हणू नये, एवढंच.

मी "बरं" म्हटलं.

लोणच्याच्या दिवशी मोठ्या घरी पाच-सहा बाया जमल्या. शेजारच्या, भावकीतल्या. यांची धाकटी बहीण, माझी नणंद, मुद्दाम आली होती. माझी सूनही आली, एका बाजूला कैऱ्या फोडत बसली. कैऱ्यांचा वास सगळ्या अंगणात. मोहरीची डाळ, मेथी, हळद, तिखट, मीठ, परातीत डोंगर. तेल उकळून थंड व्हायला ठेवलेलं.

मी न्हाऊन, केस बांधून आली होती. परातीसमोर बसली. माझा हात मसाल्यावर आला आणि तिथंच थांबला. सवय असते ना हाताला. भावकीतली एक म्हातारी म्हणालीच, "अवं, हिच्या हातानं का? हिचा तं..."

"मीच सांगितलं," मोठ्या बाई बाजेवरून म्हणाल्या.

मी हात घातला. कोपरापर्यंत घातला. तिखटानं, मिठानं कातडी चुरचुरायला लागली, मला ते गोड वाटलं. कैरीच्या फोडी मसाल्यात वरखाली करताना रस सुटत होता. सून तिकडून म्हणाली, "आई, कैरीतही सायट्रिक असतं बरं." मी म्हटलं, "असू दे माय, आज मला सगळी ॲसिडं लागू देत." बाया हसल्या. एकीनं फोड उचलून चाखली. "मीठ बरोबर आहे. हात बसलेला दिसते."

आणि मोठ्या बाई म्हणाल्या, "बसलेला राहीन नाही तं काय? इतके वर्ष मीच शिकवून राहिली तिले."

माझा हात परातीत होता. मी मागे वळून पाहिलं. त्या हसत होत्या, चांगलं बोलल्यासारख्या.

मी म्हटलं, "नाही शिकवलं. तुम्ही विरजण विस्तवावर ठेवून मला देत होत्या. माझं दही कधी लागू दिलं नाही. ते सांगा ना सगळ्यांना."

मला वाटलं आता अंगणात गडबड होईल. कोणी म्हणेल, "काय सांगता!" कोणी मोठ्या बाईंना बोलेल. निदान कोणी माझ्याजवळ येईल. तसं काही झालं नाही. एकीनं कैरी फोडली. दुसरीनं साल उचलून टोपलीत टाकली. माझी सून तेवढी मान वर करून पाहत होती, तिचे डोळे भरले होते. बाकीच्यांचे चेहरे मी एकेक करून पाहिले. एकीलाही नवल वाटलं नव्हतं.

नणंद म्हणाली, "वहिनी, आता कायले ते जुनं काढता? आमाले तं माहीतच होतं."

"तुला माहीत होतं?"

"आईलेही माहीत होतं शेवटी शेवटी. घरात सगळ्याईलेच."

"सगळ्यांना?"

ती थोडी घुटमळली. पण ती माझी नणंद, बोलायला लागली की थांबणारी नाही. "दादानं तं, तुमच्याच मालकानं, स्वतःच्या डोळ्यानं पाहिलं होतं. मोठी वहिनी चुलीत वाटी सरकवून राहिली होती, आणि दादा तिथंच चूळ भरून राहिला होता. तो हसला. म्हणे, राहू द्या वहिनी, दोन बाया किल्लीवरून भांडण्यापेक्षा हेच बरं. घरात शांती राहते."

मोठ्या बाई कोणाकडेच पाहत नव्हत्या.

माझे दोन्ही हात तिखटानं भरलेले. डोळ्यांतून पाणी येऊन राहिलं आणि मला ते पुसताही येईना. सून उठून आली, आपल्या पदरानं तिनं माझे डोळे पुसले. हळूच म्हणाली, "आई, घरी चला."

"थांब," मी म्हटलं. "तेल थंड झालं नाही अजून."

मी बसून राहिली. तेल थंड झालं तेव्हा बरणी भरली, वरून तेल ओतलं, फोडी बुडल्या का पाहिलं, फडकं बांधलं.   हात धुवायला बराच वेळ लागला.

त्यानंतर मोठ्या बाई दोनदा आमच्या घरी आल्या. मी चहा दिला. बसली नाही. लोणचं चांगलं मुरून राहिलं, असं त्यांच्या सुनेनं सांगितलं. चांगलं आहे. नात सुखी राहो, तिचा यात काही दोष नाही.

पण मोठ्या बाईंचं एक आहे, त्यांना मी विचारू तरी शकली. त्यांनी जे सांगितलं ते ऐकलं. यांना कुठं विचारू? यांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. मी रात्रंदिवस तेच उलटसुलट करते. सकाळी दह्याचं गाडगं घेऊन येताना यांच्या मनात काय असेल? मी पोरीच्या लग्नात पायरीवर उभी होती तेव्हा हे दारातच होते, पाहुण्यांना पान देऊन राहिले होते. एकदा नुसतं माझ्याजवळ येऊन म्हणाले असते, "जा, टाक एक फोड, काही होत नाही." भांडण नको होतं यांना, ठीक आहे. माझ्या कानात सांगितलं असतं तर कोणतं भांडण होत होतं? मी कोणाला सांगितलं नसतं. मला किल्ली नको होती. मला माझा हात चांगला आहे एवढंच माहीत पाहिजे होतं.

हे चांगले होते, हे मी आताही म्हणते. हात उगारला नाही कधी. नागऱ्याच्या जत्रेला मला सायकलवर बसवून नेत होते, भर गावातून, लोक हसले तरी. त्या सायकलवर बसलेली बाई मी आता आठवते तेव्हा मला तिची कीव येते. पुढे पायडल मारणाऱ्या माणसाला तिच्याबद्दल एक गोष्ट माहीत होती, जी तिला माहीत नव्हती, आणि तो त्यावर एकदा हसलेला होता.

भादव्यात पितरांचा पंधरवडा आला. यांच्या तिथीला आम्ही पान वाढतो. यांना दह्याशिवाय जेवण जात नव्हतं, म्हणून वडे, भाजी, खीर आणि दही, असं दरवर्षीचं. आजवर ते दही आधी मोठ्या घरचं असायचं, मग सुनेच्या हातचं. यंदा सून म्हणाली, "आई, या वेळी तुम्ही लावा." मी लावलं. सकाळी पाहिलं तर वरची साय पिवळसर, जाड, बोट टेकलं तरी दबत नव्हती. माझ्या आयुष्यातलं इतकं चांगलं दही मी पहिल्यांदाच पाहत होती.

पोरानं केळीचं पान मांडलं. मी वडे वाढले, भाजी वाढली, खीर वाढली, पाणी फिरवलं. पोरगा पान उचलून छपरावर ठेवायला निघाला, आणि थांबला.

"आई, दही राहिलं."

"राहिलं नाही," मी म्हटलं. "ठेव जाऊन पान."

 तो पान घेऊन गेला. मी आत आली, दह्याची वाटी घेतली आणि चुलीजवळ बसून एकटीनंच खाल्ली.